सुरेल बाईंचं काय करायचं?

महिला भजनी मंडळाची तालीम रस्त्यावरून जाता जाता ऐकणाऱ्याचा एक पक्का समज होतो. आत कुणीतरी एक काकू बेसूर आहेत आणि त्यांच्यापायी बाकीच्यांचं गाणं वाया जातंय. आतल्या बायकांचाही समज हाच असतो. त्या काकू नेमक्या कोण, एवढ्यावरच दुमत असतं. मंडळ नवं असेल तर हे दुमत चहापर्यंत टिकतं, जुनं असेल तर सासूकडून सुनेकडे जातं. मंडळ चालवणाऱ्या बाई या वादात कधी बोलत नाहीत. त्या पेटीचा भाता उगाच हलवत बसतात, कारण त्यांना ठाऊक असलेली गोष्ट उघड बोलायची सोय नसते. वृंदगान बेसूर बाईमुळे फारसं बिघडत नाही. ते बिघडतं सुरेल बाईमुळे. आणि वृंद चालवणं म्हणजे नव्वद टक्के या सुरेल बाईंचं काय करायचं, या एका प्रश्नाचं उत्तर शोधणं. उरलेल्या दहा टक्क्यांत साडीचा रंग, चहा आणि देवाचं नाव हे सगळं येतं.

हे विधान उफराटं वाटेल, म्हणून आधी नादाचा हिशेब बघू. वीस जणींनी एकच सूर लावला तरी तो तंतोतंत एक कधीच नसतो. कुणाचा केसभर वर, कुणाचा केसभर खाली, कुणी क्षणभर आधी पोचते, कुणी मागून. या बारीकशा चुकामुकीमुळेच वीस गळ्यांच्या आवाजाला अंग येतं. एकाच गळ्याचा आवाज वीसपट मोठा करून पाहा, तो मोठा होईल पण भरदार होणार नाही. इलेक्ट्रॉनिक कीबोर्डवर ‘कोरस’ नावाची एक सोय असते. ती काय करते? एका सुराच्या किंचित हललेल्या, किंचित उशिरा पोचणाऱ्या प्रती काढून मूळ सुरात मिसळते. म्हणजे बेसूर म्हणून बदनाम झालेल्या काकू जे काम फुकट करतात, त्यासाठी कंपन्या इंजिनिअर पगारावर ठेवतात. अर्थात काकू केसभरच खाली असायला हव्यात, जिनाभर नव्हे. पण जिनाभर खाली उतरणारी बाई सहसा दबूनच गाते. आपलं काहीतरी चुकतंय हे तिला कळत असतं, म्हणून ती ओठ हलवते आणि टाळ मात्र मनापासून वाजवते. तिचा उपद्रव शून्य.

सुरेल बाईंचं तसं नाही. त्यांनी लहानपणी दोन-तीन परीक्षा दिलेल्या असतात. आवाज गोल, मोकळा, लागलेला. आपला आवाज चांगला आहे हे त्यांना लग्नाआधीपासून ठाऊक असतं, आणि लग्नानंतर कुणी ते विचारलेलं नसतं. ही सगळी वर्षं त्या अभंगाच्या एका ओळीत भरून काढतात. एकोणीस जणी सरळ ‘विठ्ठल’ म्हणतात तिथे या ‘ठ’वर छोटीशी मुरकी घेतात. ध्रुपद संपताना एकोणीस जणी समेवर थांबतात, पखवाज थांबतो, पेटी थांबते. सम येते, पण बाई येत नाहीत. त्या अजून मागच्या अक्षरावर आंदोलन देत असतात. ऐकणाऱ्याच्या कानाची एक खोड आहे. घोळक्यात एक आवाज ओळखता आला, की कान त्याच्याच मागे जातो आणि उरलेल्यांचा गलका होतो. मग वृंद उरत नाही. एका बाईंचं गाणं उरतं, आणि त्यामागे एकोणीस जणींची गैरसोय.

याच्या पुढचा अनर्थ गळ्याच्या नैसर्गिक धर्मामुळे होतो. एतिएन लाँबार या फ्रेंच डॉक्टरांनी १९११ साली एक निरीक्षण मांडलं. भोवती आवाज वाढला की माणूस आपला आवाज नकळत चढवतो, कारण स्वतःचं बोलणं स्वतःला ऐकू यावं असं त्याला वाटत असतं. लग्नाच्या पंगतीत हे शास्त्र प्रत्यक्ष दिसतं आणि भजनात त्याहून स्पष्ट. सुरेल बाई एक पायरी चढल्या की शेजारणीला स्वतःचा आवाज ऐकू येईनासा होतो, म्हणून ती चढते, तिच्यामुळे तिसरी. दुसऱ्या चरणापर्यंत सगळ्या रांगेला ही लागण होते आणि पखवाजवाल्या बाई बिचाऱ्या आत्मसंरक्षणासाठी जोरात वाजवू लागतात. गजरापर्यंत पोचेतो सगळ्यांचं बळ संपलेलं असतं. गंमत म्हणजे यात कुणाचाही दोष सिद्ध करता येत नाही. प्रत्येकीचं म्हणणं खरंच असतं की, ‘मी तर नेहमीसारखीच म्हणत होते.’

याउलट पुरावा हवा असेल तर भाद्रपदात कोणत्याही घरी जावं. आरतीला संचालक नसतो. पट्टी ज्याची त्याची, लय टाळ्या ठरवतात आणि ती दर कडव्याला वाढते. तरीही सगळ्यांत एकजीव काय होतं, तर शेवटची मंत्रपुष्पांजली. कारण उघड आहे. तिचे शब्द फारच थोड्यांना पाठ असतात. बाकीचे सगळे मधल्या भागात आदरपूर्वक गुणगुणतात, शेजाऱ्याचं तोंड बघत राहतात आणि ओळीच्या शेवटच्या अक्षरावर मात्र एकदिलाने येऊन आदळतात. शेजाऱ्याकडे लक्ष देणं हे वृंदगानाचं अर्धं शिक्षण आहे आणि ते येत नसलेल्यालाच चांगलं येतं. ज्याला सगळं येतं तो डोळे मिटून गातो. डोळे मिटून गाणारा माणूस मैफलीत शोभतो. वृंदात तो रस्त्यावर डोळे मिटून सायकल चालवणाऱ्यासारखा.

आता मंडळ चालवणाऱ्या बाईंची अडचण जवळून बघू. पहिला प्रश्न पट्टीचा. वयाच्या पस्तिशीपासून पंचाहत्तरीपर्यंतच्या बायका एका सतरंजीवर बसलेल्या. उतारवयात बाईचा आवाज खाली सरकतो, हा शरीराचा नियम. त्यामुळे आजींना काळी दोन हवी असते आणि नव्याने आलेल्या सूनबाईंना काळी पाच. बाई काळी चार धरतात. ही पट्टी एकीलाही सोयीची नसते, म्हणून ती सगळ्यांना मान्य होते. अंतरा वरच्या षड्जापाशी पोचला की आजी गुपचूप एक सप्तक खाली उतरतात. त्यांना कुणी तसं शिकवलेलं नसतं, पण त्या उतरण्याने गाण्याला जो खर्जाचा पाया मिळतो, तो पैसे देऊन मिळाला नसता. सुरेल बाई मात्र याच जागी वर जातात. वरचा गंधारही लागतो आपला, हे दाखवायची संधी वर्षातून फार वेळा येत नाही.

हे सगळं सांभाळायला बाईंच्या हातात काय असतं? खरं तर हातच नसतात. डावा भात्यावर, उजवा पट्ट्यांवर. पाश्चात्त्य संचालकाकडे निदान काठी असते, पण काठीचे धोकेही इतिहासात नोंदलेले आहेत. चौदाव्या लुईच्या दरबारातला संगीतकार लुली भल्यामोठ्या काठीने जमिनीवर ठोके देत ताल राखायचा. १६८७ साली एका प्रयोगात ठोका जमिनीऐवजी स्वतःच्या पायावर बसला, जखम चिघळली आणि त्यातच तो गेला. त्याच्यापेक्षा ब्रिटिश संगीतकार एथेल स्माइथ शहाणी. स्त्रियांच्या मताधिकाराच्या लढ्यात १९१२ साली ती लंडनच्या हॉलोवे तुरुंगात होती. खाली अंगणात कैदी बायका तिनेच रचलेलं कूचगीत म्हणत चालल्या होत्या आणि ही वर कोठडीच्या खिडकीतून दात घासायच्या ब्रशने त्यांचं संचालन करत होती. यावरून इतकंच कळतं की साधन कुठलंही चालतं, गाणारणींची नजर त्याच्याकडे लागलेली हवी. आपल्याकडच्या बाईंचं साधन म्हणजे भुवई. उजवी वर गेली की ध्रुपदावर या. दोन्ही वर गेल्या की लय पळतेय. दोन्ही एकत्र आल्या की सुरेल बाईंनी आवरतं घ्यावं. या तिसऱ्या खुणेच्या वेळी सुरेल बाईंचे डोळे मिटलेले असतात, हे आधी आलंच आहे.

भुवई चालेना तेव्हा बाई खरं शस्त्र काढतात, ते म्हणजे बसण्याची जागा. जगभरच्या वृंदांत हे जाणतात की कोण कुणाशेजारी उभं राहतं यावर निम्मं गाणं ठरतं. डळमळीत गळ्याला दोन भक्कम गळ्यांच्या मध्ये बसवलं की तो आपोआप सरळ होतो, जशी नवी वाढपीण दोन अनुभवी बायकांच्या मधोमध पंगतीत सोडतात. आणि सुरेल बाईंना? त्यांना पखवाजाच्या डाव्या अंगाला, भिंतीकडे. वरवर हा मान दिसतो. ‘तुम्ही तालाजवळ बसा, म्हणजे बाकीच्यांना आधार.’ प्रत्यक्षात पखवाजाच्या धुमेला कणीक थापलेली असते, तिचा घुमारा कानाशी आला की मुरक्या निम्म्याने कमी होतात. एवढी मुत्सद्देगिरी ज्या बाईंना साधते, त्यांना घरच्या लग्नात फोटोसाठी कोणी कुठे उभं राहायचं, हे ठरवायला आवर्जून बोलावतात.

या ठिकाणी पहिला आक्षेप येतो आणि तो वजनदार आहे. हा तर गुणांचा कोंडमारा झाला. बाईने आयुष्यभर सगळीकडे आवाज खालीच ठेवला. आता देवासमोर तरी मोकळं गावं, तर इथेही ‘जरा हळू’? आक्षेपातला सल खरा आहे, पण त्यावरचा उपाय चुकला आहे. वारकरी भजनाच्या रचनेने हा प्रश्न केव्हाच सोडवलेला आहे. चरण एकीने म्हणायचा, ध्रुपद सगळ्यांनी उचलायचं. चरणात बाईंनी खुशाल मुरकी घ्यावी, वरच्या गंधारावर मुक्काम करावा. ती त्यांची हक्काची जागा. फक्त ध्रुपदावर येताना चप्पल बाहेर काढल्यासारखी हरकत बाहेर काढून यावं. शिवाय चरण पुढच्या वेळी दुसरीकडे जायला हवा. तंटा बहुतेक वेळा गाण्यावरून नसतोच. चरण परत देण्यावरून असतो. आणि कोंडमारा म्हणायचाच तर तो उरलेल्या एकोणीस जणींचा होतो, त्याचं काय? एकीचा मोकळा आवाज एकोणीस जणींना गप्प करत असेल, तर त्याला मुक्ती म्हणताना थोडं थांबायला हवं.

दुसरा आक्षेप जाणकारांचा. आपलं संगीतच मुळी एकट्याचं. राग एकाने मांडायचा, बाकीच्यांनी माना हलवायच्या. वृंदगान हे परक्यांचं, चर्चमधलं. हा आक्षेप करणाऱ्यांनी जात्यावर कधी कान दिलेला नसावा. दोघी जणी समोरासमोर बसून एकच खुंटा ओढत ओव्या म्हणत, तेव्हा दळणाच्या लयीत दोघींचा श्वास जुळावाच लागे. नाहीतर पीठ जाडं पडे. भोंडल्याचा फेर, मंगळागौरीचा खेळ, दिंडीतलं भजन, यांतलं काहीच एकट्याचं नाही. मैफलीचा गायक ही आपली एक परंपरा, फेर ही दुसरी. पहिलीवर पुस्तकं लिहिली गेली. दिंडी सोडली तर दुसरीत पुरुष फार नव्हते. आणि जिथे पुरुषांनी भजनाचा ताबा घेतला तिथेही काय केलं पाहा. सिंधुदुर्गातली डबलबारी घ्या. दोन बुवा समोरासमोर, रात्रभर सामना, एकाने टोला द्यावा आणि दुसऱ्याने परतवावा, मागे बाकीचे कोरस. रंगत अफाट, पण तो आखाडा झाला, आणि आखाड्यात शेजाऱ्याच्या मापाचं व्हायला कुणी जात नाही.

परक्यांचं म्हणून जे बाजूला सारतात, त्या परक्यांचाही अनुभव हाच आहे. व्हेनिसमध्ये अनाथ मुलींसाठी पिएता नावाची संस्था होती. १७०३ साली विवाल्डी तिथे व्हायोलिन शिकवायला लागला. तिथल्या मुली चर्चच्या सज्जात, जाळीमागे उभ्या राहून गात. पुरुषांचे म्हणून ठरलेले खालचे आवाजही त्यांच्यातल्याच काही जणी सांभाळत. आडनावं नसल्यामुळे कुणी ‘व्हायोलिनची’ म्हणून ओळखली जाई, कुणी ‘बासची’, जशा आपल्याकडे पेटीवाल्या काकू आणि टाळवाल्या मावशी. पुढे बायकांच्या वृंदात दोन-तीन थर पडले. वरच्या सोप्रानोंना चाल मिळते आणि टाळ्याही. खालच्या ऑल्टोंच्या वाट्याला बहुधा एकाच सुरावर पाच मात्रा उभं राहणं येतं. ऑल्टो ही त्या घरातली थोरली सून. तिने एक दिवस सुट्टी घेतली की सगळ्यांना कळतं घर कुणामुळे उभं होतं. ती हजर असली की कुणालाच काही कळत नाही.

हॅम्बुर्गमध्ये १८५९ साली योहान्स ब्राम्सने बायकांचा वृंद सुरू केला तेव्हा त्याचं वय सव्वीस. संगीताचा जाणकार, पण समोर बसलेल्या मंडळींबाबत अननुभवी. त्याने पुढच्या वर्षी एक नियमावली काढली, कोर्टाच्या ढंगातली, मिश्कील आणि तरीही गंभीर. ठरलेल्या वेळी हजर राहावं, न येणारीला दंड, उशिरा येणारीला दंड, आणि दंडाची रक्कम भिकाऱ्यांना वाटावी. एवढ्या मोठ्या संगीतकाराला पहिला नियम सुराचा न सुचता घड्याळाचा सुचला, याचं नवल आपल्याला वाटायला नको. साडेतीनची तालीम सव्वाचारला सुरू होते हे हॅम्बुर्गलाही ठाऊक होतं. पण वेळेच्या नियमामागेही तीच गोष्ट दडलेली आहे. उशिरा येणारी बाई कोण असते? बेसूर काकू वेळेआधी येऊन सतरंजी घालतात. उशिरा येते ती जिला खात्री असते की आपल्यावाचून सुरू होणार नाही.

एका जागी मात्र विनोद बाजूला ठेवावा लागतो. दुसऱ्या महायुद्धात सुमात्रा बेटावरच्या जपानी छावणीत कैदेत असलेल्या बायकांमध्ये मार्गारेट ड्रायबर्ग आणि नोरा चेंबर्स होत्या. ड्रायबर्गनी स्मरणातून वाद्यवृंदाच्या रचना कागदावर उतरवल्या, चेंबर्सनी सुमारे तीस जणींचा वृंद बसवला आणि डिसेंबर १९४३ मध्ये पहिला कार्यक्रम झाला. वाद्यं नव्हती, म्हणून गळ्यांनीच व्हायोलिन व्हायचं, गळ्यांनीच बासरी. शब्द अजिबात नाहीत. पोटात अन्न नसलेल्या बायकांनी ड्वोर्झाक गायला. व्हायोलिनच्या ताफ्यात एक व्हायोलिन वेगळं ऐकू आलं तर ती चूक असते. तसंच इथे होतं. पुढे भुकेने आणि आजाराने यातल्या अनेक जणी गेल्या आणि वृंद थांबला. तिथे कुणाला कुणाहून सरस गायचं नव्हतं. शेजारणीचा श्वास तुटेल तिथे आपला पुरवायचा, एवढंच होतं. वृंदात श्वास आळीपाळीने घेतात, शेजारीण घेत असेल तेव्हा आपण घ्यायचा नाही, म्हणजे ओळ तुटत नाही. हा तंत्राचा नियम त्या छावणीत शब्दशः खरा झाला.

आता शेवटचा आक्षेप, आणि तो आपल्या स्पर्धांमधून येतो. आयोजक म्हणतील, आम्ही तर ऐक्यालाच उत्तेजन देतो. सांघिक बक्षीस असतं, शिस्तीला गुण असतात, गणवेशाला असतात. गणवेशाचं खरंच आहे. एकसारख्या साड्यांसाठी मंडळ तीन बैठका घेतं, काठाची रुंदीसुद्धा मतदानाने ठरते, कुणी उठून दिसू नये हा कटाक्ष. ज्या बायकांना साडीतलं एकसारखेपण इतकं अचूक कळतं, त्यांना आवाजातलं कळत नसेल असं कसं म्हणावं? पण त्याच मंडळातल्या सुरेल बाई साडी तीच नेसतात आणि नथ मात्र घरची, पुणेरी, टपोऱ्या मोत्यांची घालतात. आयोजकही त्यांच्याच बाजूने असतात. रांगेत वीस जणी आणि माईक दोन. त्यातला एक पेटीला. दुसऱ्याचं तोंड ज्या दिशेला, तेच मंडळ. आणि निकाल वाचताना सांघिक बक्षिसानंतर तो घातक शब्द येतोच : ‘उत्कृष्ट गायिका’. त्या एका बक्षिसासाठी वर्षभराची भुवई, पखवाजाशेजारची जागा आणि काळी चारचा तह, सगळं पाण्यात जातं.

म्हणून सुचवावंसं वाटतं की स्पर्धेतून हे बक्षीस काढून टाकावं आणि त्याजागी दुसरं ठेवावं : अशा गायिकेला, जी सुरात होती, तालात होती, शब्दांत होती, आणि जिचा आवाज परीक्षकांना एकदाही वेगळा ऐकू आला नाही. ती परीक्षकांना सापडणार कशी, हा प्रश्न रास्त आहे. तिला शोधायचं एकच ठिकाण आहे, ते म्हणजे मंडळ चालवणाऱ्या बाईंचं मन; त्यांना ती पक्की ठाऊक असते. फक्त हे बक्षीस आधी जाहीर करू नये. केलं, तर पुढच्या तालमीला सगळ्यांत कमी आवाज कुणाचा, यावरून मंडळात जो आवाज चढेल, तो पखवाजालाही झाकता येणार नाही. आणि त्यातही सगळ्यांत वर, मोकळा, लागलेला आवाज कुणाचा असेल, ते सांगायला नकोच.